फी माफ झाली, पण खर्च कुणाचा?

पटावर तीस मुलं असलेली जिल्हा परिषदेची प्राथमिक शाळा डोळ्यांसमोर आणा. समग्र शिक्षा योजनेच्या सुधारित निकषांनुसार या शाळेला वर्षाचं संयुक्त शाळा अनुदान मिळतं १० हजार रुपये. खडू, हजेरीपत्रकं, वीजबिल, नळाची दुरुस्ती, फुटलेली कौलं हे सगळं त्यातून भागवायचं. त्यातलाही दहावा हिस्सा स्वच्छतेसाठी बाजूला ठेवायचा. पट एकतीस झाला की हेच अनुदान २५ हजार होतं.

अशाच एका छोट्या शाळेच्या व्यवस्थापन समितीवर मी काही काळ पालक सदस्य होते. पहिल्याच बैठकीत मी विचारलं होतं, "आपल्या शाळेला पैसे येतात कुठून?" गुरुजींनी वही उघडली आणि बोटांवर मोजायला सुरुवात केली. शिक्षकांचे पगार राज्याच्या तिजोरीतून. पाठ्यपुस्तकं समग्र शिक्षेतून, म्हणजे काही केंद्राचे आणि काही राज्याचे पैसे. दुपारच्या खिचडीचा तांदूळ केंद्राकडून. नवी खोली बांधायची तर जिल्हा नियोजनाच्या निधीकडे डोळे लावायचे. आणि यातल्या कशातच न बसणारं काही निघालं की लोकवर्गणी.

एका शाळेला एवढ्या तिजोऱ्या, आणि प्रत्येक तिजोरीची किल्ली वेगळ्या कायद्यात किंवा वेगळ्या शासन निर्णयात ठेवलेली. म्हणून शिक्षणाचा कायदा समजून घ्यायचा तर मुलाला हक्क देणारं कलम वाचून पुरत नाही. पैशाचं कलम शोधावं लागतं. आपल्या देशात हक्काचं कलम ठाम शब्दांत लिहिलेलं आहे, पैशाचं कलम सैल आहे, आणि गावागणिक शाळांमध्ये जो फरक दिसतो त्याची बरीचशी मुळं या सैलपणात आहेत, असं माझं मत आहे. ते मी का मानते, ते जरा सविस्तर सांगते.

हा प्रश्न जुनाच आहे

१८८२ साली हंटर आयोगापुढे दिलेल्या निवेदनात महात्मा फुले यांनी नेमकं पैशावर बोट ठेवलं होतं. सरकारचा महसूल मुख्यतः रयतेच्या घामातून येतो आणि शिक्षणावरचा खर्च मात्र वरच्या वर्गांच्या उच्च शिक्षणाकडे वळतो, हा त्यांचा आक्षेप होता. निदान बाराव्या वर्षापर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा, अशी त्यांची मागणी होती. म्हणजे कर कोण भरतो आणि शाळा कुणाला मिळते, हे दोन प्रश्न त्यांनी एकाच दमात विचारले होते.

पुढे गोपाळ कृष्ण गोखले यांनी १९१० साली केंद्रीय कायदेमंडळात सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा ठराव मांडला आणि १९११ साली विधेयक आणलं. त्यांच्या मांडणीत खर्चाची वाटणी स्पष्ट होती: दोन हिस्से सरकारचे, एक हिस्सा स्थानिक संस्थांचा. मार्च १९१२ मध्ये ते विधेयक ३८ विरुद्ध १३ मतांनी फेटाळलं गेलं. विरोधाची कारणं अनेक होती, पण खर्च आणि करवाढ हा मुद्दा त्यांत ठळक होता.

त्याच काळात काही संस्थानांनी मात्र करून दाखवलं. बडोद्यात सयाजीराव गायकवाड यांनी १८९३ साली अमरेली भागात सक्तीच्या शिक्षणाचा प्रयोग केला आणि १९०६ साली तो साऱ्या राज्यात नेला. कोल्हापुरात राजर्षी शाहू महाराजांनी १९१७ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं. या दोघांकडे एक गोष्ट होती जी गोखल्यांकडे नव्हती. हुकूम काढणारा आणि तिजोरी उघडणारा हात एकच होता. आजच्या भारतात हे दोन हात वेगळे आहेत, आणि सगळी गुंतागुंत तिथून सुरू होते.

इच्छेपासून हक्कापर्यंत

मूळ राज्यघटनेतल्या अनुच्छेद ४५ मध्ये म्हटलं होतं, की राज्यघटना लागू झाल्यापासून दहा वर्षांत चौदा वर्षांपर्यंतच्या सर्व मुलांना मोफत आणि सक्तीचं शिक्षण देण्याचा राज्य प्रयत्न करील. म्हणजे १९६० पर्यंत. पण हा अनुच्छेद मार्गदर्शक तत्त्वांमध्ये होता, आणि मार्गदर्शक तत्त्वं न्यायालयातून बजावून घेता येत नाहीत. शाळा नाही मिळाली तरी दाद मागायला दरवाजा नव्हता. शिवाय १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीपर्यंत शिक्षण हा राज्यांचा विषय होता. त्या दुरुस्तीने तो समवर्ती सूचीत गेला, म्हणजे त्यावर कायदा करण्याचा अधिकार केंद्र आणि राज्य दोघांनाही मिळाला. अधिकार दोघांचा झाला, पण खर्चाचं काय, हे त्या दुरुस्तीने सांगितलं नाही.

१९९३ साली उन्नीकृष्णन खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की चौदा वर्षांपर्यंतचं शिक्षण हा जगण्याच्या हक्काचाच भाग आहे. या निकालातला एक तपशील मला फार महत्त्वाचा वाटतो. चौदा वर्षांनंतरच्या शिक्षणाचा हक्क राज्याच्या आर्थिक कुवतीच्या मर्यादेत राहील, असं न्यायालयाने म्हटलं. चौदा वर्षांपर्यंतच्या हक्काला मात्र ही मर्यादा घातली नाही. म्हणजे 'पैसे नाहीत' ही सबब नववीतल्या मुलाला सांगता येईल, दुसरीतल्या मुलीला नाही.

२००२ साली ८६ व्या घटनादुरुस्तीने अनुच्छेद २१-क आला आणि सहा ते चौदा वयोगटाचं शिक्षण मूलभूत हक्क झालं. तो हक्क अमलात आणणारा कायदा २००९ साली झाला आणि १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. यालाच आपण आरटीई म्हणतो.

या कायद्यातल्या 'सक्तीचं' या शब्दाचा अर्थ बहुतेकांना उलटा वाटतो. शाहू महाराजांच्या काळात मुलाला शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला दंड होता. २००९ च्या कायद्यात पालकाचं कर्तव्य सांगितलं आहे, पण त्याला शिक्षा नाही. सक्ती आहे ती सरकारवर: शाळा उपलब्ध करून देण्याची, प्रवेश देण्याची, मूल रोज येतं का ते बघण्याची आणि त्याचं आठवीपर्यंतचं शिक्षण पूर्ण होईल याची. 'मोफत'चा अर्थही रुंद आहे. ज्या फीमुळे किंवा आकारामुळे मुलाचं शिक्षण अडू शकतं, असा कोणताही पैसा त्याच्याकडून घ्यायचा नाही.

अंतर, खोल्या, शिक्षक याही गोष्टी कायद्याने आकड्यांत बांधल्या. साठपर्यंत पट असेल तर दोन शिक्षक, एकसष्ट ते नव्वदला तीन. मुलामुलींसाठी वेगळी स्वच्छतागृहं, पिण्याचं पाणी, स्वयंपाकघर, मैदान, कुंपण. वस्तीच्या आसपास शाळा नसेल तर ती तीन वर्षांत उभी करायची. हे सगळं वाचताना ऊर भरून येतो. आणि मग आपण कलम ७ पाशी पोहोचतो.

कलम सात

कलम ७ म्हणतं, की या कायद्याच्या अंमलबजावणीसाठी निधी देण्याची जबाबदारी केंद्र आणि राज्य यांची मिळून राहील. केंद्र सरकार खर्चाचा अंदाज तयार करील. राज्यांशी सल्लामसलत करून, वेळोवेळी ठरवील त्या टक्केवारीने केंद्र राज्यांना अनुदान देईल. आणि केंद्राकडून मिळालेली रक्कम व स्वतःची साधनं लक्षात घेऊन, निधी पुरवण्याची जबाबदारी राज्य सरकारची राहील.

सावकाश वाचलं की दोन गोष्टी दिसतात. केंद्राचा वाटा किती, हे कायद्यात लिहिलेलंच नाही. 'वेळोवेळी ठरवील' असं आहे. आणि शेवटी कमी पडेल तो बोजा राज्याच्या खांद्यावर. गोखल्यांनी शंभर वर्षांपूर्वी मांडलेलं दोनास एक हे प्रमाण निदान पाटीवर लिहिलेलं होतं. आपल्या कायद्यात पाटीच कोरी आहे.

कोरी पाटी असली की कुणीही पुसून नवं लिहितो. समग्र शिक्षेच्या आधीचं सर्व शिक्षा अभियान सुरू झालं तेव्हा, नवव्या पंचवार्षिक योजनेच्या शेवटी, केंद्र आणि राज्याचं प्रमाण ८५:१५ होतं. दहाव्या योजनेत ते ७५:२५ झालं. आरटीई लागू झाल्यावर ६५:३५ ठरलं. २०१५-१६ पासून बहुतेक राज्यांसाठी ६०:४० झालं, ईशान्येकडच्या आणि हिमालयातल्या राज्यांसाठी ९०:१०. कायदा लागू झाल्यावर जो बदल झाला त्यासाठी संसदेला आरटीईमधला एक शब्दही बदलावा लागला नाही. मुलाचा हक्क तसाच राहिला, त्यामागचा पैसा मात्र एका हातातून दुसऱ्या हातात सरकला.

इथे एक खुलासा न्यायाला धरून करायला हवा. २०१५ मध्ये चौदाव्या वित्त आयोगाच्या शिफारशीने राज्यांना मिळणारा केंद्रीय करांतला वाटा ३२ टक्क्यांवरून ४२ टक्के झाला होता. 'तुमच्या हातात जास्त पैसा दिला, आता योजनांचा जास्त भार तुम्ही उचला', हा केंद्राचा युक्तिवाद होता आणि तो अगदीच पोकळ नव्हता. अडचण अशी, की करांतला वाटा कुठे खर्च करायचा हे राज्य ठरवतं. तो शाळेतच जाईल असं बंधन नाही. रस्ता, सिंचन, कर्जाचं व्याज, पगार, सगळ्यांच्या रांगेत शाळाही उभी राहते.

पैसा योजनेतून येतो म्हटलं की अटीही योजनेच्या. अलीकडचं ठळक उदाहरण तामिळनाडूचं. पीएम श्री या केंद्राच्या आदर्श शाळा योजनेच्या करारावर आणि राष्ट्रीय शैक्षणिक धोरणावर मतभेद झाले आणि २०२४-२५ साठीचा समग्र शिक्षेचा केंद्राचा वाटा, दोन हजार कोटींहून अधिक रक्कम, अडकला. २०२५ मध्ये राज्य सरकार थेट सर्वोच्च न्यायालयात गेलं. धोरणाबद्दल कुणाची बाजू बरोबर, हा या लेखाचा विषय नाही. मला दिसतं ते एवढंच, की त्या भांडणात आरटीईतून प्रवेश घेतलेल्या मुलांचे पैसेही अडकले, कारण ते त्याच योजनेच्या नळातून येत होते. केंद्राचा वाटा कायद्यातच लिहिलेला असता तर असा अडवता आला असता का?

उपकर: आपण भरतो तो

प्राप्तिकर भरणाऱ्यांनी आपल्या विवरणपत्रात 'आरोग्य व शिक्षण उपकर' ही ओळ पाहिली असेल. कर एक लाख निघाला तर त्यावर ४ टक्के म्हणजे ४,००० रुपये जास्तीचे. २००४ साली प्राथमिक शिक्षणासाठी २ टक्क्यांनी याची सुरुवात झाली, २००७ साली माध्यमिक आणि उच्च शिक्षणासाठी आणखी १ टक्का आला, आणि २०१८-१९ पासून आरोग्य धरून ४ टक्के.

उपकर आणि कर यांत एक मोठा फरक आहे. केंद्राने गोळा केलेल्या करातला ठरलेला वाटा राज्यांना द्यावा लागतो. उपकरातला द्यावा लागत नाही, राज्यघटनेच्या अनुच्छेद २७० नेच तो वाटणीच्या बाहेर ठेवला आहे. म्हणजे शिक्षणाच्या नावाने गोळा झालेला पैसा पूर्णपणे केंद्राच्या हाती राहतो आणि राज्यांकडे तो योजनांमधून, अटींसह येतो.

प्राथमिकच्या उपकरासाठी प्रारंभिक शिक्षा कोष नावाचा वेगळा निधी केला गेला. वर्षअखेरीस न खर्चलेली रक्कम बुडू नये, हा त्यामागचा हेतू. चांगली व्यवस्था होती. माध्यमिक व उच्च शिक्षणाचा उपकर मात्र २००७ पासून गोळा होत राहिला आणि त्यासाठीच्या वेगळ्या कोषाला मंजुरी मिळाली ऑगस्ट २०१७ मध्ये. मधली दहा वर्षं हा पैसा नेमका कुठे गेला हे दाखवणारा वेगळा डबाच नव्हता. पहिलीतलं पोर दहावीतून बाहेर पडायला लागतो तेवढा हा काळ आहे.

एकूण खर्चाचं म्हणाल तर कोठारी आयोगाने १९६६ साली राष्ट्रीय उत्पन्नाच्या ६ टक्के शिक्षणावर खर्च व्हावेत असं सांगितलं. १९६८, १९८६ आणि २०२० अशा तिन्ही धोरणांत तो आकडा पुन्हा आला. केंद्र आणि राज्यं मिळून आपण त्या आकड्याला अजून एकदाही पोहोचलेलो नाही. धोरणातला आकडा कुणाला बांधत नाही, हे एव्हाना आपल्याला कळायला हवं होतं.

पट: सगळ्या पैशाचं माप

वरून येणारा पैसा शाळाशाळांत वाटायचा कसा? आपल्याकडे याचं उत्तर 'पटावर' असं आहे. दरवर्षी ३० सप्टेंबरची पटसंख्या धरून संचमान्यता होते, म्हणजे त्या शाळेला किती शिक्षक मंजूर ते ठरतं. अनुदान, तांदूळ, पुस्तकं, सगळं पटावर. वरवर पाहता हे न्याय्य वाटतं, जितकी मुलं तितका पैसा.

पण मोजमाप एका संख्येवर टांगलं की ती संख्या फुगवण्याचा मोह होतो. ऑक्टोबर २०११ मध्ये महाराष्ट्रात सगळ्या शाळांची एकाच वेळी तीन दिवसांची पटपडताळणी झाली होती. बोटांना शाई लावून मुलं मोजली गेली आणि लाखो मुलं फक्त कागदावर असल्याचं उघड झालं. त्या नावांवर खर्च दाखवला गेला होता.

याची दुसरी बाजू जास्त दुखावणारी आहे, आणि तिथे कुणी लबाडी केलेली नसते. पट कमी म्हणून शाळेचा खर्च त्याच प्रमाणात कमी होत नाही. बारा मुलं असोत की साठ, छप्पर तेवढंच, विजेचं मीटर तेच, आणि पहिली ते चौथी शिकवायचे विषयही तेच. डोंगरातल्या वाडीवर, धरणापलीकडच्या पाड्यावर मुलं कमीच असणार. तिथे डोईखर्च जास्त येतो. मग कमी पटाच्या शाळा एकत्र करण्याचा विचार पुढे येतो. महाराष्ट्रात वीसपेक्षा कमी पटाच्या शाळा २०२३ मध्ये पंधरा हजारांच्या आसपास होत्या, आणि त्याच वर्षी त्यांच्या समूह शाळा करण्याचा प्रस्ताव आला तेव्हा मोठा विरोध झाला. हिशोबाच्या वहीत समूह शाळा शहाणपणाची दिसते. ओढ्याला पूर आल्यावर तिसरीतली मुलगी पलीकडच्या शाळेत कशी जाणार, हे वहीत लिहिलेलं नसतं. जिथे जवळ शाळा नाही तिथे वाहतूक किंवा निवासाची मोफत सोय सरकारने करायची, अशी तरतूद आरटीईच्या नियमांत आहे. शाळा हलवताना त्या तरतुदीसाठी किती पैसे ठेवले, हे आधी विचारायला हवं.

ऊसतोड कामगारांच्या मुलांचं तर या मोजणीत फारच हाल होतं. ३० सप्टेंबरला मूल गावच्या पटावर असतं. दिवाळीच्या आगेमागे कुटुंब कोयता घेऊन कारखान्याच्या तळावर जातं. गावच्या शाळेत त्याच्या नावाचा शिक्षक आहे, मूल नाही. तळाजवळच्या शाळेत मूल आहे, पण तिथली संचमान्यता त्याला न मोजताच झालेली. शाळा बदलण्याचा हक्क कलम ५ ने दिला आहे, वयानुसार वर्ग आणि विशेष प्रशिक्षण कलम ४ ने. पैसा मात्र सप्टेंबरमध्येच कुठे बसायचं ते ठरवून बसलेला असतो. हंगामी वसतिगृहांनी यातली काही मुलं गावात राहतात, आणि ती वसतिगृहं वेळेवर सुरू होणं किती मोलाचं आहे हे मराठवाड्यातल्या कुठल्याही शिक्षकाला विचारा.

पंचवीस टक्के

आरटीई म्हटलं की शहरातल्या लोकांना आठवतं ते कलम १२: खासगी विनाअनुदानित शाळांनी पहिलीच्या वर्गातल्या किमान २५ टक्के जागा वंचित गटातल्या आणि दुर्बल घटकातल्या मुलांना द्यायच्या. महाराष्ट्रात दुर्बल घटकासाठी कुटुंबाच्या वार्षिक उत्पन्नाची मर्यादा १ लाख रुपये आहे. अनुसूचित जाती-जमाती आणि इतर काही वंचित गटांना उत्पन्नाची अट नाही. सोडत निघते आणि हजारो घरांत त्या दिवशी जीव मुठीत धरून मोबाइल पाहिला जातो.

या जागांचे पैसे सरकार शाळेला देतं. किती? सरकार स्वतःच्या शाळांतल्या एका मुलावर जेवढा आवर्ती खर्च करतं तेवढा, किंवा शाळेची प्रत्यक्ष फी, यांत जे कमी असेल ते. महाराष्ट्रात हा दर १७,६७० रुपये आहे. करोनाच्या काळात, २०२०-२१ साठी, तो ८,००० केला गेला होता. महागड्या शाळेला ही रक्कम तिच्या फीपुढे तुटपुंजी वाटते, आणि वस्तीतल्या छोट्या इंग्रजी शाळेला हीच रक्कम वेळेवर मिळाली नाही तर शिक्षकांचा पगार अडतो. थकलेल्या प्रतिपूर्तीवरून संस्थाचालक आणि सरकार यांच्यात वर्षानुवर्षं वाद आहे. त्या वादाची झळ पोहोचते ती वर्गातल्या मुलाला. 'आरटीईवाला' म्हणून त्याला वेगळी वागणूक मिळाल्याचं मी डोळ्यांनी पाहिलं आहे. सहा वर्षांच्या मुलाला सरकारच्या थकबाकीचं ओझं का?

या कलमाला खासगी संस्थांनी आव्हान दिलं होतं. २०१२ साली सर्वोच्च न्यायालयाने ते वैध ठरवलं, विनाअनुदानित अल्पसंख्याक शाळा तेवढ्या वगळल्या. २०१४ साली प्रमती खटल्यात सगळ्याच अल्पसंख्याक शाळा आरटीईबाहेर गेल्या.

आणि मग आपल्या राज्यातली २०२४ ची घटना. ९ फेब्रुवारीला राज्य सरकारने नियमांत दुरुस्ती केली. खासगी विनाअनुदानित शाळेपासून एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल, तर त्या खासगी शाळेला २५ टक्क्यांचं बंधन नाही. शहरात कुठल्या शाळेच्या किलोमीटरभरात सरकारी किंवा अनुदानित शाळा नसते? एका ओळीच्या दुरुस्तीने बहुतेक सगळी खासगी दारं बंद होणार होती. यामागे प्रतिपूर्तीचा खर्च वाचवण्याचा विचार होता हे उघड आहे. मुंबई उच्च न्यायालयाने मे महिन्यात तिला स्थगिती दिली आणि १९ जुलै २०२४ रोजी ती रद्द केली. कारण सरळ होतं: संसदेच्या कायद्याने दिलेलं राज्याला नियम करून काढून घेता येत नाही. नंतर सर्वोच्च न्यायालयानेही त्यात हात घातला नाही. मधल्या महिन्यांत प्रवेशप्रक्रिया खोळंबली आणि शाळा सुरू झाल्या तरी पालक सोडतीची वाट पाहत राहिले.

मला या २५ टक्क्यांबद्दल दोन गोष्टी एकाच वेळी वाटतात. वेगवेगळ्या घरांतली मुलं एका बाकावर बसावीत, ही कल्पना मला मनापासून पटते. पण सरकारी शाळेला जीव लावण्याऐवजी हेच कलम आरटीईचा चेहरा होऊन बसलं, याचं दुःखही आहे. शिवाय ही सवलत आठवीपर्यंतच. नववीत पाऊल ठेवताच पूर्ण फी. आठ वर्षं ज्या मैत्रिणींबरोबर शिकली त्यांना सोडून मुलीने दुसरी शाळा शोधायची. अपंगत्व असलेल्या मुलांना २०१६ च्या कायद्याने अठरा वर्षांपर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क दिला आहे. तोच बाकीच्यांनाही मिळायला हवा.

दुसऱ्या देशांनी काय केलं

ब्राझीलच्या राज्यघटनेनेच पैशाचं कलम आकड्यांत लिहिलं आहे. राज्यांनी आणि नगरपालिकांनी करउत्पन्नाच्या किमान २५ टक्के आणि केंद्राने किमान १८ टक्के शिक्षणावर खर्च करायचेच. १९९६ पासून त्यांनी आणखी एक पाऊल टाकलं. प्रत्येक राज्यात या पैशातला मोठा हिस्सा एका सामाईक निधीत जमा करायचा आणि शाळांतल्या मुलांच्या संख्येप्रमाणे वाटायचा, म्हणजे श्रीमंत शहर आणि गरीब खेडं यांतली दरी कमी होते. जी राज्यं तरीही मागे राहतात त्यांना केंद्राची भर. २०२० साली हा निधी राज्यघटनेत कायमचा झाला आणि केंद्राची भर १० टक्क्यांवरून टप्प्याटप्प्याने २३ टक्क्यांवर न्यायचं ठरलं. तिथले सगळे प्रश्न सुटले असं नाही. पण तिथल्या महापौराला 'यंदा शाळेसाठी पैसे नाहीत' असं म्हणता येत नाही.

अमेरिकेची गोष्ट उलटी आहे. तिथे शाळांचा मोठा खर्च स्थानिक मालमत्ता करातून चालतो. महागड्या घरांच्या भागात कमी दराने कर लावूनही भरपूर पैसा जमतो, गरीब भागात जास्त दर लावूनही पुरत नाही. टेक्सासमधल्या पालकांनी याविरुद्ध दाद मागितली. १९७३ साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने ५ विरुद्ध ४ मतांनी सांगितलं, की शिक्षण हा संघराज्याच्या घटनेने दिलेला मूलभूत हक्क नाही. मग लोकांना प्रत्येक राज्याच्या न्यायालयात वेगवेगळं लढावं लागलं. आपल्याकडे नेमकं उलट: हक्क घटनेत आहे, आकडा नाही.

कलम बावीस

या सगळ्यात गावातल्या पालकाच्या हाती काय आहे? आहे, आणि त्याचा उल्लेख फार कमी होतो. कलम २१ नुसार शाळा व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश पालक असायला हवेत आणि निम्म्या सदस्य स्त्रिया. कलम २२ नुसार ही समिती शाळा विकास आराखडा तयार करते. आणि कायदा स्पष्ट म्हणतो, की सरकारने किंवा स्थानिक संस्थेने शाळेसाठी आखायच्या योजना आणि द्यायचं अनुदान या आराखड्याच्या आधारावर असेल. संपूर्ण कायद्यात पैशाचा प्रवाह खालून वर सुरू होण्याची हीच एक जागा आहे.

आराखडा तीन वर्षांचा असतो. इयत्तावार मुलं किती असतील, जास्तीचे शिक्षक किती लागतील, खोल्या आणि सोयी कोणत्या लागतील, आणि या सगळ्याला दरवर्षी किती रुपये लागतील, एवढं त्यात लिहायचं. आर्थिक वर्ष संपायच्या आत तो स्थानिक संस्थेकडे द्यायचा.

आमच्या शाळेत हा आराखडा आधीच्या वर्षाचा उतरवून, तारीख बदलून, सह्यांसाठी फिरवला जायचा. रकमेचा रकाना रिकामा. कुणाची लबाडी नव्हती. गुरुजींच्या मागे निवडणुकीपासून ऑनलाइन माहिती भरण्यापर्यंत इतकी कामं होती, की रकाना भरून काही होतं यावर कुणाचा विश्वासच उरला नव्हता. त्या वर्षी आम्ही चौघी जणी डिसेंबरच्या एका दुपारी टेप घेऊन कुंपण मोजलं. गवंड्याकडून दर विचारला. मुलींच्या स्वच्छतागृहाच्या दाराला आणि पाण्याच्या टाकीला किती येतील ते लिहिलं. बालवाडीत बसलेली पोरं मोजून पुढच्या वर्षीच्या पहिलीचा पट काढला. आकडे भरले, ठराव जोडला, अध्यक्षांची सही घेतली. मूळ प्रत केंद्रप्रमुखांमार्फत वर पाठवली आणि एक प्रत घेऊन मी स्वतः गटशिक्षण कार्यालयात गेले. आवक क्रमांक आणि तारीख टाकून दिलेली पोच अजून माझ्याकडे आहे. कुंपण पुढच्या वर्षी झालं. टाकीसाठी दुसऱ्या आराखड्यात पुन्हा लिहिलं आहे.